आधी विचारा, मग काढा

दिवाळी सरताच नोकरी जाणे म्हणजे काय, हे आपल्या रायगड जिल्ह्याने 2021 साली पाहिले. ऑक्टोबरच्या अखेरीस एसटीचा संप सुरू झाला, नोव्हेंबरात राज्यभरातली आगारे बंद पडली, पेण-रोहाही त्यात आलेच. एसटी राज्य सरकारात विलीन करण्याची मागणी योग्य होती की नाही, हा वाद इथे नको. थेट नोकरीवर गदा आधी कुणाच्या आली, ते मात्र विसरू नये. दोन हजारांहून अधिक रोजंदार कर्मचाऱ्यांना नोटिसा निघाल्या : चोवीस तासांत हजर व्हा, नाहीतर सेवा समाप्त. कायम कर्मचाऱ्याच्या वाट्याला निलंबन, आरोपपत्र, चौकशी अशा पायऱ्या होत्या. रोजंदाराच्या वाट्याला एक कागद. शेवटी एप्रिल 2022 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने 22 एप्रिलपर्यंत रुजू व्हायची मुदत दिली आणि संपापायी बडतर्फ झालेल्यांनाही परत घ्यायला सांगितले. तोवर घरे कशी चालली असतील?

तात्पुरत्या माणसाला काढूच नये, असे आमचे म्हणणे नाही. गणपती गेले की पेण, हमरापूर, जोह्याच्या मूर्तींच्या कारखान्यांतला हंगाम ओसरतो, रंगकामाचे हात मोकळे होतात. ते दोन्ही बाजूंना आधीपासून ठाऊक असते. पण काम तसेच उभे असताना माणसावर ठपका ठेवायचा, त्याला काही विचारायचे नाही आणि गेटवरच ‘उद्यापासून येऊ नको’ म्हणायचे, हा उघड अन्याय आहे. ठपका तर गावभर होतो. पुढची नोकरी मागायला तो तोच ठपका घेऊन जातो.

कायद्याने हे कधीच ओळखले आहे. पुरुषोत्तम लाल धिंग्रा खटल्यात 1957 साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की सरकारी नोकरी तात्पुरती असली तरी शिक्षा म्हणून काढायचे असेल, तर आरोप सांगून बाजू ऐकावीच लागेल. 1993 च्या डी. के. यादव खटल्यात कारखान्याने आठ दिवसांहून जास्त गैरहजेरीचे कारण देऊन कामगाराचे नाव आपोआप कमी केले होते. न्यायालयाने ते मोडीत काढले. उपजीविका हा जगण्याच्या हक्काचा भाग आहे, ती न विचारता हिरावता येत नाही. वर्षात 240 दिवस भरलेल्याला कामावरून कमी करताना महिन्याची नोटीस किंवा तेवढा पगार आणि सेवेच्या दर वर्षामागे पंधरा दिवसांचे वेतन द्यावे, ही अट 1947 च्या कायद्यात आली. म्हणून तर 240 भरायच्या आत ‘ब्रेक’ देण्याची चाल निघाली! कायमपणाचे हक्क बुडवण्यासाठी वर्षानुवर्षे तात्पुरते ठेवणे ही महाराष्ट्राच्या 1971 च्या कायद्याने अनुचित प्रथा ठरवली, आणि 2009 मध्ये एसटीच्याच सफाई कामगारांना त्याच कलमाचा आधार मिळाला.

ज्यांचे बालपण रोह्यात गेले, ते चिंतामणराव देशमुख 1956 साली कुलाब्याचे, म्हणजे आजच्या रायगडचे, खासदार आणि देशाचे अर्थमंत्री होते. मुंबई महाराष्ट्रापासून वेगळी ठेवण्याच्या प्रश्नावर त्यांनी राजीनामा दिला. तो निर्णय मंत्रिमंडळाला न विचारता जाहीर झाला आणि मुंबईतल्या आंदोलकांवरील गोळीबाराची चौकशी नाकारली गेली, हीदेखील त्यांची तक्रार होती. न विचारता घेतलेला निर्णय त्यांना एवढा सलला, की त्यांनी अर्थमंत्रिपद सोडले. आपल्याला एक कागद लिहिण्याचे कष्ट का पडावेत?

आमच्या वाचकांत कारखानदार आहेत, ठेकेदार आहेत, शाळांचे संस्थाचालक आहेत. त्यांना कळकळीची विनंती : कुणावर ठपका ठेवून काढायचे असेल, तर आरोप लेखी द्या, उत्तराला आठवडा द्या, ते उत्तर वाचून मगच सही करा, आणि राहिलेला पगार त्याच दिवशी चुकता करा. आणि हंगामी, कंत्राटी, रोजंदार वाचकहो, गेटपास, हजेरीपत्रक, पगाराची पावती यांतला एकही कागद टाकू नका. 240 दिवसांचा हिशेब त्यावरूनच लागतो.