टोकदार कानांचा मालक कोण?

ऐंशीच्या दशकात रविवारी सकाळी दूरदर्शनवर ‘स्टार ट्रेक’ लागे. आमच्या घरी मिस्टर स्पॉकला सगळे ‘तो कानवाला’ म्हणत. कानांमागच्या नटाला लेनर्ड निमॉय म्हणतात, हे मला बऱ्याच वर्षांनी कळले. त्या माणसाचे दुखणे नेमके हेच होते.

बॉस्टनच्या एका ज्यू न्हाव्याचा हा मुलगा. हॉलिवूडमध्ये किरकोळ भूमिका आणि पोटासाठी टॅक्सी, असे दिवस काढल्यावर १९६६ मध्ये तो स्पॉक म्हणून पडद्यावर आला. मालिका तीन वर्षांत गुंडाळली गेली. लोकप्रियता आली ती पुढच्या पुनर्प्रक्षेपणांतून. पण त्या काळच्या करारांप्रमाणे नटांना पहिल्या काही फेऱ्यांचेच पैसे मिळत. बाकीचे सारे मालकांच्या तिजोरीत!

१९७५ मध्ये त्याने आत्मचरित्र लिहिले, ‘आय अॅम नॉट स्पॉक’. चाहते बिघडले. वीस वर्षांनी दुसरे लिहिले, ‘आय अॅम स्पॉक’. मधल्या काळात त्याने चित्रपट दिग्दर्शित केले, त्यातला ‘थ्री मेन अँड अ बेबी’ तुफान चालला; तरी कान काही सुटले नाहीत. या दोन नावांवरून निमॉयची थट्टा पुष्कळ झाली. मला मात्र त्यात व्यवहाराचा प्रश्न दिसतो. सत्तरच्या दशकात एका बिअरच्या जाहिरातीत स्पॉकचे कान झळकले. चेहरा निमॉयचा, परवानगी स्टुडिओची, निमॉयला दमडी नाही. तो कोर्टात गेला. १९७९ च्या चित्रपटासाठी स्टुडिओला त्याची गरज पडली, तेव्हा कुठे तडजोड झाली.

आणि स्पॉकचा तो बोटे फाकवून केलेला नमस्कार? लहानपणी सिनेगॉगमध्ये पुरोहितांना आशीर्वाद देताना चोरून पाहिलेली ती मुद्रा निमॉयने स्वतः आणली होती. कायद्याच्या कागदात ती कोणाच्या नावावर चढवायची?

हे जुने प्रकरण आज उकरण्याचे कारण आहे. २०२३ मध्ये हॉलिवूडच्या नटांनी ११८ दिवस संप केला, त्यात संगणकाने उभ्या केलेल्या चेहऱ्यांचा मुद्दा कळीचा होता. संमती आणि मोबदला करारात आला तो त्यानंतर. त्याच वर्षी अनिल कपूर यांच्या चेहऱ्याला, आवाजाला आणि चक्क ‘झकास’लाही दिल्ली उच्च न्यायालयाने संरक्षण दिले. उत्तम झाले. पण वकील उभा करण्याची ऐपत अनिल कपूर यांची आहे. गर्दीत उभ्या राहणाऱ्या एक्स्ट्राचा चेहरा एकदा संगणकात गेला, की तो कोणत्या कोर्टाची पायरी चढणार? निमॉयची बाजूसुद्धा न्यायापेक्षा स्टुडिओच्या गरजेने सावरली, हे विसरता येत नाही.

निमॉय २०१५ मध्ये गेला. २०२४ च्या नोव्हेंबरात ‘युनिफिकेशन’ नावाचा लघुपट आला. त्यात स्पॉक आहे. देह दुसऱ्या नटाचा, चेहरा निमॉयचा. कार्यकारी निर्मात्यांच्या यादीत त्याच्या पत्नीचे नाव आहे. मी तो दोनदा पाहिला. दुसऱ्यांदा फक्त कानांकडे बघत होतो.