विमान मागा, पण थांबायला जागा आधी मागा!

मंडळी, ढोकीत विमानाचा विषय निघाला की कुणीतरी म्हणतंच, "डांबर कशाला? मुरूम टाका, रोलर फिरवा. छोटं विमान कुठूनही उडतं!"

उडतं की. पण उडता आलं नाही तर थांबणार कुठं?

आपली काळी माती आपल्यालाच माहीत. तेरणा कारखान्याला ऊस घातलेल्यांना विचारा, एक पाऊस झाला की भरलेली ट्रॉली फडातून निघत नाही. विमानाचंही तेच. चाकं रुततात, वेग चढत नाही, पट्टी मात्र संपत जाते. जोरात ब्रेक दाबावा तर ओल्या गवतावर चाक घसरतं. पुढचं चाक रुतलं तर विमान नाकावर उलटूही शकतं.

म्हणून छोट्या विमानाचे वैमानिक साधा हिशेब ठेवतात. निम्मी पट्टी संपली आणि उड्डाणाच्या वेगाच्या 70 टक्के वेग आला नाही, तर उड्डाण रद्द. 60 नॉटला उडणारं विमान निम्म्यावर 42 ला पाहिजे. नसेल तर इंजिनाचा जोर पूर्ण काढायचा, पुढच्या चाकावर भार येऊ द्यायचा नाही, ब्रेक बेतानं लावायचा आणि सरळ रेषेत थांबायचं. हा निर्णय निम्म्यावरच घ्यायचा. शेवटच्या टोकाला घेऊन उपयोग नाही.

म्युनिक, 6 फेब्रुवारी 1958. पट्टी पक्की, पण वर बर्फाचा चिखल. दोनदा उड्डाण थांबवलेलं. तिसऱ्यांदा वेग 117 नॉटवर जाऊन 105 वर घसरला. तेव्हा थांबायला जागाच उरली नव्हती. 23 जणांचा जीव गेला.

लांब कशाला जायचं? आपल्याच मराठवाड्यात, चिकलठाणा, 26 एप्रिल 1993. तिथंही पट्टी पक्कीच. विमानाचं नाक उशिरा उचललं आणि पट्टीपलीकडच्या बीड रस्त्यावर कापसाच्या गाठींच्या ट्रकला धडक बसली. 118 पैकी 55 जण गेले. चौकशीत वैमानिकांबरोबर रस्त्यावरची वाहतूक न रोखणाऱ्या विमानतळ प्राधिकरणावरही ठपका आला.

पक्क्या पट्टीवर ही गत, तर मुरमावर काय होईल?

म्हणून पुढाऱ्यांना "विमान कधी?" एवढंच विचारू नका. पट्टीपुढं मोकळी जागा किती? निम्म्यावर खूण आहे का? पावसाळ्यात पट्टी बंद ठेवायचा अधिकार कुणाला? हे विचारा.

आणि उद्या एखाद्या वैमानिकानं साहेबांचं विमान निम्म्यावर थांबवलं, तर त्याला भित्रा म्हणू नका. त्यानंच सगळ्यांना घरी पोचवलेलं असेल.

पटलं तर पुढं पाठवा. नाही पटलं तर कमेंटमध्ये भांडा!