सीझनभर बाहेर गेलात, बिघडलं काय?

सास्तूरचा एक फर्निचरवाला तरुण विचारत होता, "सर, सीझनभर पुण्याला काम घेऊ का? गावात लोक हसतील."

हसू द्या ना! सुभाष गुप्ते माहितीयेत? 36 कसोटींत 149 बळी घेणारे मुंबईचे लेगस्पिनर. तेही 1950 च्या दशकात लँकेशायर लीगमध्ये रिश्टन क्लबकडून पगारावर खेळले. गिरण्यांची गावं ती. क्लबात पगारी खेळाडू एकच, बाकी सगळे हौशी. म्हणजे हरलं की बोट कुणाकडे, सांगायला नको. भरपूर बळी मिळाले की प्रेक्षकांत वर्गणी फिरायची. ती वरकमाई.

माझं मत विचाराल तर, जा. फक्त मजुरीचा दर आधी ठरवा, वर्गणीच्या भरवशावर निघू नका. गुप्ते पुढे त्रिनिदादलाच स्थायिक झाले, ते सासर होतं म्हणून!