माळावर झाड लावू नका, प्लीज!

जून उजाडला की ऑफिसच्या इनबॉक्समध्ये एक मेल हमखास टपकतो. शनिवारी सकाळी वृक्षारोपण; टी-शर्ट आणि चहा-पोहे कंपनीतर्फे. आपणही खूश. एक रोप लावायचं, चार फोटो काढायचे, वर्षभराच्या एसीचं पाप फिटलं! आयडिया वाईट नाही. घोळ होतो तो जागा निवडताना. बस शहराबाहेर पडते आणि थांबते ती एका उघड्याबोडक्या माळावर. ‘अरेरे, इथे एकही झाड नाही!’ असं कुणीतरी कळवळून म्हणतंच. अहो, पण नाही म्हणजे त्याला काही कारण असेल ना?

कारण सह्याद्री. अरबी समुद्रावरून आलेले ढग हा पठ्ठ्या घाटमाथ्यावरच अडवतो आणि पार पिळून काढतो. महाबळेश्वरला वर्षाला पाच हजार मिलिमीटरच्या वर पाऊस. तिथून सरळ रेषेत शंभर किलोमीटरही लांब नसलेल्या, बारामती तालुक्यातल्या सुप्याला पाचशेच्या आसपास. म्हणजे जेमतेम दहावा हिस्सा! शाळेत भूगोलाच्या पेपरसाठी घोकलेला पर्जन्यछायेचा प्रदेश तो हाच. बरं, हा पाऊसही चार महिन्यांत, स्वतःच्या मर्जीने. बाकी आठ महिने ठणठणाट. खाली बेसाल्टचा कातळ आणि वर मुरमाड मातीचा थर. इथे घनदाट जंगल तग धरणार कसं? बोर, बाभूळ, हिवर अशी चिवट मंडळी लांब लांब उभी राहतात आणि मधली सगळी जागा गवताची. पवन्या, मारवेल आणि कुसळी. (हो, ट्रेकहून आल्यावर सॉक्समधून आठवडाभर निघत राहते तीच.)

गवताचा फंडाही सॉलिड आहे. झाड शेंड्याकडून वाढतं, गवत बुडातून. म्हणून मेंढरांनी कुरतडलं, उन्हात करपलं, वणव्यात जळलं, तरी पहिल्या सरींबरोबर पुन्हा हजर. त्याचा बराचसा संसार जमिनीखाली, मुळांमध्ये. कार्बनही तिथेच साठतो. आणि आपण ‘कार्बन कमी करायचाय’ म्हणत नेमके तिथेच जेसीबीने खड्डे घेतो!

आता कुणी विचारेल, कासला तर धो धो पाऊस, मग तिथे जंगल का नाही? तिथे बोंब मातीची आहे. जांभ्याचा सडा, त्यावर मातीचा पापुद्रा. झाडाने मुळं रोवायची कुठे? त्यामुळे ते पठार गवताचं आणि फुलांचं. पण कासचं नशीब थोर. 2012 मध्ये पश्चिम घाटाबरोबर युनेस्कोच्या यादीत गेलं, सप्टेंबरात तिकिटं काढून गर्दी होते. सुप्याचा माळ मात्र बिचारा ‘पडीक’. हे लेबल इंग्रजांच्या महसूल खात्याचं: जी जमीन सारा देत नाही ती वाया गेलेली. साहेब गेला, शब्द कागदावर राहिला. मग सोलर पार्क असो, एमआयडीसी असो की वृक्षारोपण, सगळ्यांना पहिली आठवते ती हीच जागा.

तिथे राहतं कोण? चिंकारा, लांडगा, खोकड, धाविक. या सगळ्यांचा विमा म्हणजे मोकळी नजर. शत्रू लांबून दिसला पाहिजे आणि पळायला रान हवं. तिथे दाट ओळींनी गिरिपुष्प लावलं की सावलीत गवत मरतं आणि नजरही अडते. (पुण्याच्या टेकड्यांवर हा हिरवेपणा भरपूर बघायला मिळतो.) माळढोकाचं तर विचारूच नका. दहा-पंधरा किलोंचा हा पक्षी उघड्या जमिनीवर बहुधा एकच अंडं घालतो. त्याच्यासाठी 1979 मध्ये सोलापूरजवळ नान्नजला अभयारण्य झालं. आज तिथे एखादा माळढोक दिसला तर पेपरात बातमी येते. एकट्या झाडांनी हे केलं नाही. शेती पसरली, विजेच्या तारा आल्या, शिकार झाली. पण उरलासुरला माळ आपण तरी बुजवू नये.

आणि धनगर? त्यांच्या मेंढरांची चराई गेली, तर त्यांनी कळप न्यायचा कुठे? वृक्षारोपणाच्या प्रेझेंटेशनमध्ये ही स्लाइड मी अजून पाहिलेली नाही.

तेव्हा यंदा मेल आला की ‘येतो’ म्हणण्याआधी एचआरला एवढंच विचारा: जागा कुठली, आणि तिथे आधी काय होतं? झाडं लावायला सोसायटीचं आवार आहे, रस्त्याच्या कडा आहेत, जिथे जंगल तोडलं गेलं ते डोंगरउतार आहेत.

आणि माळ स्वतः बघायचा असेल तर सुप्याचं मयूरेश्वर अभयारण्य गाठा. जेमतेम पाच चौरस किलोमीटरचं आहे, पण चिंकारा दिसण्याचा चान्स चांगला. थंडीत जा, उजाडताना पोहोचा, दुर्बीण घ्या. गाडी रस्त्यावरच ठेवा. गवतात घालू नका, तिथे कुणाचं तरी घरटं असतं.