बुद्ध सर्किट करामुळे बुडालं नाही

ग्रेटर नोएडाच्या बुद्ध इंटरनॅशनल सर्किटचा विषय निघाला की मोटारशौकिनांच्या गप्पांत एकच उत्तर येतं : सरकारने कर लावून घालवलं. क्रीडा मंत्रालयाला फॉर्म्युला वन हा खेळच वाटला नाही, सीमाशुल्कवाले अडून बसले, प्राप्तिकरवाल्यांनी पिच्छा पुरवला, आणि २०११, २०१२, २०१३ अशा तीन शर्यती होऊन सगळं गुंडाळलं गेलं. हे इतक्या वेळा सांगून झालंय की त्याचा पुरावा आता कुणी मागत नाही. मला हे मत चूक वाटतं आणि घातकही वाटतं. उद्या आपल्याकडे कुणी ट्रॅक बांधायला निघाला, तर याच मतावर विसंबून तो करसवलतीसाठी मंत्रालयाच्या पायऱ्या झिजवेल आणि स्वतःची हिशेबाची वही उघडायचं विसरेल.

करांच्या गाऱ्हाण्यात तथ्य आहेच. २००९ मध्ये आयोजकांनी परवान्याच्या शुल्कापोटी तीन कोटी ६५ लाख डॉलर परदेशी पाठवण्याची परवानगी मागितली, तेव्हा ही व्यापारी करमणूक आहे, खेळ नव्हे, असं म्हणून क्रीडा मंत्रालयाने ती नाकारली. पुढे सीमाशुल्काची सवलतही मिळाली नाही. मोटार चालवणाऱ्याचं शरीर, मान, प्रतिक्षिप्त क्रिया यांची ज्याला थोडी कल्पना आहे, तो मंत्रालयाचं हे मत कधीच मान्य करणार नाही. मीही करत नाही. पण दुसरी बाजूही सांगायला हवी. उत्तर प्रदेश सरकारने पहिल्या शर्यतीला करमणूक कर माफ केला होता. त्याविरुद्ध जनहित याचिका झाली आणि शर्यतीच्या नऊ दिवस आधी सर्वोच्च न्यायालयाने तिकीटविक्रीतले २५ टक्के वेगळ्या खात्यात ठेवायला सांगितले. म्हणजे एका सरकारने हात आखडला तेव्हा दुसरं हात सैल सोडून उभं होतं. ‘सरकार आडवं आलं’ हे अर्धंच खरं आहे.

आता तारखा पाहा. फॉर्म्युला वनच्या परदेशी कंपनीची भारतातली कमाई इथे करपात्र आहे, हा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल २४ एप्रिल २०१७ चा. शेवटची शर्यत झाली २७ ऑक्टोबर २०१३ ला. खटला आधीपासून चालू होता, त्याची धास्ती होती, हे कबूल. पण साडेतीन वर्षांनी आलेल्या निकालाला शर्यत बंद पडण्याचं कारण ठरवायचं, तर मधल्या काळात आयोजकाकडे किती पैसा शिल्लक होता, हे विचारावं लागतं. आणि त्याचं उत्तर त्याच निकालपत्रात आहे.

कराला दोष देणाऱ्यांनी ते निकालपत्र वाचायला हवं. त्यात हे सर्किट बांधणाऱ्या जेपी समूहाच्या जेपी स्पोर्ट्स कंपनीने केलेल्या करारांची हकिगत आहे. पहिला करार २००७ चा. त्याच्या जागी १३ सप्टेंबर २०११ ला, म्हणजे शर्यतीच्या जेमतेम दीड महिना आधी, नवा करार झाला. शर्यत भरवण्याच्या हक्कासाठी जेपीने द्यायचे चार कोटी डॉलर, त्या वेळच्या दराने सुमारे १९० कोटी रुपये. त्याच दिवशी फॉर्म्युला वनची चिन्हं आणि शीर्षकं वापरण्यासाठी वेगळा करार झाला, त्याची किंमत एक डॉलर. आणि मग आणखी करार, फॉर्म्युला वनच्याच सहयोगी कंपन्यांशी. ट्रॅकवरच्या जाहिरातींचे हक्क एकीला, शर्यतीच्या नावापुढे प्रायोजकाचं नाव लावण्याचा हक्कही तिलाच, आणि श्रीमंत पाहुण्यांच्या पॅडॉक क्लबचा हक्क दुसरीला. दूरचित्रवाणीचं प्रक्षेपण तर आधीपासूनच त्यांचं.

हे नीट समजून घ्या. शर्यतीला ‘एअरटेल’चं नाव होतं, कठड्याकठड्यावर जाहिराती होत्या, जगभर चित्रं दिसत होती, आणि ज्याने जमीन घेतली, डांबर टाकलं, गॅलऱ्या उभारल्या त्याच्यापाशी कमाईचं मोठं साधन उरलं एकच : दारावरचं तिकीट. न्यायालयाने नेमकं हेच पाहून निष्कर्ष काढला, की शर्यतीच्या दिवसांत त्या जागेचा खरा ताबा फॉर्म्युला वनकडेच होता. मग कर त्यांनी भरायला नको का? आपल्या मातीवर कमावलेल्या पैशावर कर मागणं यात मला कोणताही अन्याय दिसत नाही.

तिकिटाचं गणित शाळकरी पोरालाही जमेल. समजा एक लाख लोक आले आणि प्रत्येकाने सरासरी दहा हजार रुपये मोजले. मी मुद्दाम सढळ हाताने धरतोय. झाले शंभर कोटी. हक्काचं शुल्क १९० कोटी. म्हणजे पहिल्या दिवशीच ९० कोटींची खोट. ट्रॅकचा खर्च त्या वेळी सुमारे दोन हजार कोटी सांगितला जाई. त्यावर दहा टक्के व्याज धरलं तरी वर्षाला दोनशे कोटी. सुरक्षा, वीज, पगार, मार्शल, रुग्णवाहिका हे वेगळंच. आता यातून सगळे कर काढून टाका. सरकारने एक रुपयाही घेतला नाही असं माना. तोटा तरी कुठे भरून निघतो? या प्रश्नाचं उत्तर करवाद्यांनी मला आजवर दिलेलं नाही.

मग बांधकाम व्यवसायात मुरलेल्या कंपनीला हे कळत नव्हतं का? कळत होतं. तिचा हिशेब शर्यतीवर नव्हताच, तो जमिनीवर होता. यमुना द्रुतगती मार्गालगत विशेष विकास क्षेत्र म्हणून सुमारे हजार हेक्टर जमीन मिळाली. ट्रॅक त्यातला एक तुकडा. बाकीच्यावर ‘स्पोर्ट्स सिटी’ : क्रिकेटचं मैदान, घरं, बंगले. शर्यतीमुळे जगाच्या नकाशावर नाव येईल, नावामुळे भाव चढेल, आणि चढलेल्या भावातून ट्रॅकचा तोटा भरून निघेल, अशी ती मांडणी. जेपीच्या आधीही या शर्यतीमागे खेळापेक्षा प्रतिष्ठेचीच ओढ जास्त होती. हैदराबाद, बंगळुरू अशी नावं येऊन गेली होती, आणि २००७ मध्ये शर्यत दिल्लीला येणार ही घोषणा केली आपल्या पुण्याच्या सुरेश कलमाडींनी, भारतीय ऑलिम्पिक संघटनेचे अध्यक्ष या नात्याने.

जमिनीवर टेकलेल्या मांडणीला पहिला तडा जमिनीनेच दिला. मे २०११ मध्ये त्याच जिल्ह्यातल्या भट्टा-पारसौलला मोबदल्यावरून गोळीबार झाला, शेतकरी आणि पोलीस दोघांचेही जीव गेले. ऑक्टोबरात शेतकऱ्यांनी शर्यत उधळून लावण्याचा इशारा दिला. पुढे राज्य शासनाने ही जमीन देणाऱ्या यमुना प्राधिकरणाच्या क्षेत्रात ६४.७ टक्के वाढीव मोबदला ठरवला, त्याचा भार भूखंडधारकांवर आला, आणि २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो ग्राह्य धरला. ज्यांची शेतं गेली त्यांचा रास्त हिस्सा सुरुवातीच्याच खर्चात धरला असता, तर हा प्रकल्प कागदावरच तोट्याचा दिसला असता. स्वस्त जमीन हीच त्याची करसवलत होती.

बांधकामाची घाई तर सगळ्यांनी डोळ्यांनी पाहिली. शर्यत आधी २०१० ला ठरली होती, ती वर्षभर पुढे गेली, तरी शेवटच्या आठवड्यात कामं चालूच होती. ट्रॅकरचनाकार हर्मान टिल्केने आखलेला ५.१२५ किलोमीटरचा ट्रॅक स्वतः उत्तम होता : १६ वळणं, किलोमीटरभराहून लांब सरळ पल्ला, चढ-उतार असे की चालकांनी मनापासून वाखाणले. पण भोवतालची जमीन उघडीबोडकी, गवत धरलेलं नाही. त्यामुळे गाडी ठरलेल्या रेषेबाहेर हातभर गेली की मागे धुळीचा लोट उठे. पहिल्या सरावात ट्रॅकवर कुत्रं शिरलं आणि सत्र थांबवावं लागलं. फेलिपे मासाच्या फेरारीचं सस्पेन्शन वळणाच्या आतल्या केशरी उंचवट्यांवर आदळून मोडलं, पात्रता फेरीत एकदा आणि शर्यतीत पुन्हा. त्या कुत्र्याची परदेशी पत्रकारांनी थट्टा केली, ती मला आजही क्षुद्र वाटते. वर्षभर कुंपण राखणारी, गवत कापणारी, ट्रॅक झाडणारी माणसं तिथे अजून रुळलेली नव्हती, हे मात्र त्यातून दिसलं.

दुसरं एक मत याहून सोपं आहे : आपल्या लोकांना क्रिकेटपलीकडे काही दिसत नाही, म्हणून ट्रॅक ओस पडला. हेही खरं नाही. ३० ऑक्टोबर २०११ ला सुमारे ९५ हजार लोक तिथे होते. शेवटचा चौकड्यांचा झेंडा सचिन तेंडुलकरने दाखवला, सेबास्टियन व्हेटेल जिंकला, आणि आपला नारायण कार्तिकेयन मागच्या रांगेतली गाडी घेऊन शर्यत पूर्ण करून आला तेव्हा गॅलऱ्या उभ्या राहिल्या. पुढच्या वर्षी गर्दी बरीच घटली, कारण वर्षातून एक दिवस उघडणाऱ्या जागेची कुणाला सवय लागत नाही. पोराने सकाळी स्थानिक शर्यत पाहावी, पुढच्या महिन्यात शेजारचा दादा मोटारसायकल पळवतोय ते पाहावं, मग कधीतरी परदेशी चालक पाहावेत, हा क्रम तिथे उलटा लागला. दक्षिण कोरियाच्या योंगाममध्ये हेच घडलं. तिथेही ट्रॅकभोवती नवं शहर उठणार होतं. २०१० ते २०१३ चार शर्यती झाल्या आणि संपलं.

तिसरा आक्षेप माझ्या पुरोगामी मित्रांचा, आणि तो मला जास्त टोचतो. हे श्रीमंतांचे चोचले, गेले ते बरं झालं, असं ते म्हणतात. जमिनीबद्दलचा त्यांचा राग मला मान्य आहे, खेळाबद्दलचा नाही. याच बुद्ध सर्किटवर ‘सुप्रा’ या स्पर्धेत देशभरातले अभियांत्रिकीचे विद्यार्थी स्वतः बांधलेल्या गाड्या घेऊन उतरत आले आहेत. ‘फॉर्म्युला भारत’साठी पुण्यामुंबईची पोरं कोइम्बतूरच्या करी मोटर स्पीडवेवर जातात. चेसिसचे पाइप स्वतः जोडायचे, ब्रेकची चाचणी नापास झाली की रात्रभर पिटमध्ये उताणं पडून नळ्या बदलायच्या, सकाळी पुन्हा परीक्षकासमोर उभं राहायचं. यात चोचले कुठले? चाकण आणि पिंपरीच्या कारखान्यांना जी माणसं लागतात ती अशीच घडतात.

ट्रॅक टिकवता येतो, हे आपल्याच देशात सिद्ध झालेलं आहे. मद्रास मोटर स्पोर्ट्स क्लब १९५३ पासूनचा. आधी शोलावरमच्या जुन्या विमानतळाच्या धावपट्टीवर शर्यती व्हायच्या. मग क्लबने इरुंगट्टुकोट्टाईला स्वतःचा ट्रॅक बांधला, तो १९९० ला सुरू झाला. पावणेचार किलोमीटरच्या आतला, बिनडामडौलाचा. तिथे फॉर्म्युला वन कधीच आली नाही. पण राष्ट्रीय शर्यती होतात, टायर आणि मोटारसायकल कंपन्या आपल्या स्पर्धा भरवतात, आणि भारताचे फॉर्म्युला वनपर्यंत पोचलेले दोन्ही चालक, कार्तिकेयन आणि करुण चंढोक, तिथूनच वर गेले. त्या क्लबला भूखंड विकायचे नव्हते. ट्रॅक हाच त्याचा उद्देश होता, म्हणून खर्चही ट्रॅकला झेपेल एवढाच ठेवला गेला. कोल्हापूरच्या मोहिते रेसिंग अकादमीने कार्टिंगच्या लहानशा ट्रॅकवर हेच केलं. महाराष्ट्रात मोठा ट्रॅक झालाच तर तो या वाटेने व्हावा, अशी माझी तळमळ आहे.

बुद्ध सर्किटची गत मात्र जमिनीच्या व्यवहारासोबतच ठरली. देणी थकली म्हणून फेब्रुवारी २०२० मध्ये यमुना प्राधिकरणाने सगळं वाटपच रद्द केलं, मार्च २०२५ मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयाने ते कायम ठेवलं. दरम्यान जेपी समूहाची प्रमुख कंपनी जयप्रकाश असोसिएट्स जून २०२४ मध्ये दिवाळखोरीच्या प्रक्रियेत गेली. स्पोर्ट्स सिटीत घरासाठी आयुष्याची पुंजी घातलेली कुटुंबं ताब्याची वाट पाहत राहिली. २०२३ ला मोटारसायकलींची मोटोजीपी शर्यत येऊन गेली, पुढच्या वर्षीची रद्द झाली.

आता पुन्हा फॉर्म्युला वन आणण्याच्या गोष्टी सुरू होतील. त्याआधी प्राधिकरणाने ट्रॅकचा हिशेब घरांच्या आणि भूखंडांच्या हिशेबापासून कायमचा तोडावा. ट्रॅक आणि त्याला लागणारी तेवढीच जमीन वेगळी काढावी, ती चालवायला मोटार क्लब, वाहन कंपन्या आणि तंत्रशिक्षण संस्था यांचं मंडळ नेमावं, वर्षातले निदान दोनशे दिवस परवडणाऱ्या भाड्याने सराव, चाचण्या आणि विद्यार्थी स्पर्धांना द्यावेत. त्या दोनशे दिवसांच्या भाड्यातून कुंपण, डांबर आणि पगार भागतात की नाही, ते तीन वर्षं पाहावं. परदेशी कंपनीशी बोलायचं ते त्यानंतर, आणि जाहिरातींचे हक्क हातात ठेवून.