तीन तास पंचाहत्तर मिनिटं

परवा नातू गणिताची वही घेऊन आला. चेहरा पडलेला. गणित साधंच. गाडी सकाळी १०.४५ ला सुटली, दुपारी २.२० ला पोचली, तर प्रवासाला किती वेळ लागला? पठ्ठ्याने लिहिलं होतं : पावणेअकरा ते अकरा १५ मिनिटं, अकरा ते दोन ३ तास, वर २० मिनिटं. एकूण ३ तास ३५ मिनिटं. उत्तर बरोबर, तरी "रीत नाही" म्हणून निम्मे गुण कापलेले! त्याच्या मित्राने १४.२० मधून १०.४५ वजा केले आणि ३ तास ७५ मिनिटं लिहिली. त्यालाही निम्मे गुण. का, तर "रीत आहे"!

मंडळी, मी म्हणते, नातवाने केली तीच खरी रीत. एस.टी. स्टँडवर उभा असलेला माणूस हाच हिशेब करतो. त्या मित्राचा तरी काय दोष? वेळ लिहिताना आपण मध्ये टिंब देतो, त्याला ते दशांशचिन्ह वाटलं. तास शंभराचा नाही, साठ मिनिटांचा आहे, याची आठवण कोणी करून दिली नाही.

याहून वाईट खोड म्हणजे 'खुणेचा शब्द'. 'एकूण' दिसलं की बेरीज, 'उरले' दिसलं की वजाबाकी. "अडीच तासांच्या प्रवासापैकी २/५ वेळ संपला, किती उरला?" मुलं 'उरला' पाहून अडीचातून २/५ वजा करतात आणि २ तास ६ मिनिटं लिहून मोकळी होतात. अरे, पण २/५ कशाचे? एका तासाचे नव्हे, सगळ्या अडीच तासांचे. अडीच तास म्हणजे १५० मिनिटं, त्याचे २/५ म्हणजे ६०. उरला दीड तास.

खरं सांगायचं तर हे खुणेचे शब्द मीही वर्षानुवर्षं फळ्यावर लिहून दिले. मुलं पास झाली, मी खूश झाले. पण गणित वाचायला मी त्यांना शिकवलं नाही. आज त्याची लाज वाटते.

कोणी म्हणेल, "बाई, मग वहीत रीत नकोच का?" हवी ना! पण मुलाच्या डोक्यातली हवी. आमच्या पिढीने पावकी, निमकी, दिडकी घोकली. ती पुन्हा घोकून घ्या असं मी म्हणत नाही. पण 'पावणेअकरा' म्हणणाऱ्या मुलाला अकराला पाव तास कमी आहे हे आधीच ठाऊक असतं. अपूर्णांक त्याच्या जिभेवर आहे, आणि आपण तो घड्याळापासून तोडून वेगळ्या धड्यात शिकवतो.

असो. नातवाच्या वहीत मी त्याच्या उत्तराखाली लिहिलं, "रीत उत्तम. आजी." शाळेला चालेल की नाही, बघू. तुमच्या घरची पोरं हे गणित कसं सोडवतात? आधी त्यांना विचारा, मग मला जरूर कळवा.