‘सगळ्याजणी’ म्हणजे कोण?



अमेरिकेतल्या बायकांच्या व्यावसायिक बेसबॉल लीगची गोष्ट मी अनेकींना कौतुकानं सांगत आले. १९४३ मध्ये, पुरुष खेळाडू युद्धावर जात असताना, च्युइंगगमचे कारखानदार फिलिप रिग्ली यांनी ती सुरू केली. १९५४ पर्यंत सहाशेहून अधिक जणी पगार घेऊन तिच्यात खेळल्या. आखूड झगा घालून घसरायचं, मांड्या सोलवटून घ्यायच्या, वर सुरुवातीच्या वर्षांत नटण्यामुरडण्याचे धडेही घ्यायचे! त्यांच्या जिद्दीनं मी भारावून जात असे. त्या सहाशेंत एकही कृष्णवर्णीय अमेरिकन बाई नव्हती, हे माझ्या फार उशिरा ध्यानात आलं.

आलं ते मेमी जॉन्सनमुळे. १९३५ साली साउथ कॅरोलायनातल्या रिजवे गावी जन्मलेली ही मुलगी, दगडाभोवती सुतळी आणि चिकटपट्टी गुंडाळून केलेल्या चेंडूनं खेळत पिचर, म्हणजे फलंदाजाला चेंडू टाकणारी, झाली. सतराच्या आसपासची असताना ती एका मैत्रिणीला घेऊन व्हर्जिनियातल्या अलेक्झांड्रियाला या लीगच्या निवड चाचणीला गेली. दोघी काळ्या. एक चेंडू टाकून दाखवायलाही मिळाला नाही. पुरुषांच्या मेजर लीगनं जॅकी रॉबिन्सनला १९४७ मध्येच घेतलं होतं. बायकांची लीग मात्र बंद पडेपर्यंत गोरीच राहिली. ‘सगळ्या बायका’ असं आपण पत्रकांत किती सहज लिहितो! मीही लिहिलं आहे.

१९५३ मध्ये मेमी इंडियानापोलिस क्लाउन्स या निग्रो लीगमधल्या पुरुषांच्या संघात गेली. टोनी स्टोन, कॉनी मॉर्गन आणि ती, अशा तिघी तिथे खेळल्या. चांगले खेळाडू मेजर लीगकडे निघालेले, गर्दी ओसरलेली. मालकांना बायका दाखवून तिकिटं खपवायची होती, हे उघड आहे. पण मैदानात उतरल्यावर फलंदाज बाद करावाच लागतो. एकानं ‘शेंगदाण्याएवढी तर आहे’ म्हणून तिची टर उडवली. तिनं त्यालाच बाद केलं, आणि ‘पीनट’ हे नाव अभिमानानं मिरवलं. लीगनं नाकारलं ते बरंच झालं, असं ती पुढे म्हणे.

१९५५ नंतर बेसबॉल सुटला. मग सुमारे तीस वर्षं तिनं नर्सचं काम केलं. २००८ मध्ये मेजर लीगच्या संघांनी हयात निग्रो लीग खेळाडूंची प्रतीकात्मक निवड केली, तेव्हा वॉशिंग्टननं तिला निवडलं. २०१७ मध्ये ती गेली. २०२० मध्ये मेजर लीगनं निग्रो लीगना बरोबरीचा दर्जा दिला, तोही १९२० ते १९४८ एवढ्याच काळापुरता. मेमीची वर्षं त्यानंतरची. तिनं ३३ सामने जिंकले, ८ हरले, असं सांगतात. तपासून पाहावं तर त्या सामन्यांची धड नोंदच नाही.